काजवे आणि कळसूची अट

गुरुविद्यालयात माझ्या शेजारच्या बाकावर बसणारा एक मित्र सध्या न्यूझीलंडमध्ये धर्मसेवा करीत आहे. वर्षातून एकदा त्याचे पत्र येते आणि त्यात क्षेमकुशलापेक्षा प्रश्नच अधिक असतात. विद्यार्थिदशेपासूनची त्याची ती खोड आहे. मागच्या पत्रात त्याने वायटोमो येथील गुहा पाहिल्याची हकीकत लिहिली होती. दहा-बारा जणांची लहानशी तुकडी, पुढे माओरी वाटाड्या. आत जाण्यापूर्वी वाटाड्याने सर्वांना थांबवून आपल्या पूर्वजांची कथा सांगितली. मग एका भूमिगत ओढ्यावर होडीत बसवले. वल्ही नाहीत, वाटाड्या वर ताणलेला दोर हातांनी ओढीत होडी पुढे नेतो. बोलायचे नाही, छायाचित्र काढायचे नाही. आणि मग डोक्यावरच्या छतावर निळसर हिरव्या प्रकाशाचे हजारो बिंदू, जणू आकाशच जमिनीखाली येऊन राहिले आहे.

बाहेर आल्यावर वाटाड्याने त्या प्रकाशाचा उलगडा केला. हे बिंदू म्हणजे एका चिलटासारख्या कीटकाच्या अळ्या. प्रत्येक अळी छताला चिकटून राहते आणि खाली रेशमासारखे धागे सोडते. गुहेतल्या निवांत हवेत हे धागे वीतभर किंवा त्याहूनही लांब होतात, आणि त्यांवर चिकट थेंब ओवलेले असतात. ओढ्याच्या पाण्यातून जन्मलेली चिलटे प्रकाश पाहून वर उडतात, धाग्यांना चिकटतात, आणि अळी धागा वर ओढून त्यांना खाते. भुकेली अळी अधिक तेजाने चमकते. पुढे तिचा कीटक झाला म्हणजे त्याला खाण्यायोग्य तोंडच उरत नाही. थोड्या दिवसांत अंडी घालून तो मरतो. जे काही खायचे ते अळीच्याच अवस्थेत, त्या दिव्याच्या बळावर.

पत्राच्या शेवटी मित्राने विचारले होते: “त्या छताखाली बसून मी मनातल्या मनात देवाचे आभार मानले. नंतर कळले की ज्या प्रकाशासाठी मी आभार मानले, तो गळाला लावलेल्या आमिषासारखा होता. आता ते आभार मागे घ्यावेत की तसेच राहू द्यावेत?”

प्रश्न थट्टेने टाळण्यासारखा नव्हता. मी उत्तर लिहायला बसलो आणि दोनदा उठलो.

सेमिनरीत शिकलेल्या माणसाला अशा वेळी प्रथम ग्रंथ आठवतात. संत आगस्तीन यांनी सुमारे इ. स. ४०० मध्ये लिहिलेल्या आत्मकथनाच्या दहाव्या भागात डोळ्यांच्या मोहाविषयी विवेचन केले आहे. त्यात स्वतःची झडती घेताना ते कबूल करतात, की घरी बसलेले असताना पाल माशी पकडते आहे किंवा कोळी आपल्या जाळ्यात सापडलेल्या माशीला गुंडाळतो आहे, हे पाहण्यात आपले चित्त गुंतते. त्या दृश्यावरून आपण सृष्टिकर्त्याच्या स्तुतीकडे वळतो हे खरे, परंतु पाहायला सुरुवात केली ती स्तुतीसाठी नव्हे, हेही ते सांगून टाकतात. संत थॉमस अक्वायनस यांनी पुढे या विषयाची नीट मांडणी केली. जाणून घेण्याची आवड हा सद्गुण असू शकतो आणि दुर्गुणही. पाहण्याची इच्छा कोणत्या हेतूला बांधलेली आहे, तीतून काही अपाय निपजतो का, यावर ते अवलंबून आहे. इतके वाचल्यावर मित्राला उत्तर देता यायला हवे होते. पण आगस्तीन आणि थॉमस दोघेही पाहणाऱ्याच्या अंतःकरणाविषयी बोलतात. ज्याच्याकडे पाहिले जाते, त्याच्या बाजूने प्रश्न कसा दिसतो, हे मला त्यांच्या पानांत सापडले नाही. किंवा मी तितके खोल वाचले नसेन.

आम्ही बुलढाणा जिल्ह्यातील माणसे या दुसऱ्या बाजूला अगदीच अपरिचित नाही. लोणारचे सरोवर आमच्या जिल्ह्यात आहे. काळ्या कातळात उल्काघाताने पडलेला सुमारे १.८ किलोमीटर व्यासाचा हा खळगा पाहायला देशोदेशीचे लोक येतात, आणि तेथील स्थानिक वाटाडे त्यांना आधी लवणासुराची कथा सांगतात, मग उल्केचे शास्त्र. विष्णूने त्या असुराला मारले, त्याच्या रक्तामांसाने हे पाणी खारट झाले, अशी ती कथा. २०२० च्या जूनमध्ये सरोवराचे पाणी गुलाबी झाले. शास्त्रज्ञांनी तपासून सांगितले की खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांमुळे हा रंग आला. पण त्या दिवसांत आमच्या बाजारात लवणासुराचे नाव जितक्यांदा ऐकले तितके आधी कधी ऐकले नव्हते. शास्त्राने सांगितलेले कारण कोणी नाकारत नव्हते. तरी आपल्या गावाच्या पाण्याविषयी बोलताना लोकांना आपली जुनी कथाच जवळची वाटत होती. जो पाहुणा फक्त उल्का ऐकून जातो, तो लोणार पाहून जातो. लोणारकरांना मात्र तो भेटत नाही.

असो. मित्राच्या पत्राने डोक्यात घर केले होते, आणि त्याच सुमारास धर्मग्रामातील तीन कुटुंबांनी भंडारदऱ्याला काजवे पाहायला जाण्याचा बेत माझ्यापुढे मांडला. आमच्याकडे बोथ्याच्या जंगलात, पावसाच्या तोंडी, एखाददुसरा काजवा मी पाहिला आहे. पण सह्याद्रीत मेअखेरीपासून पहिला मोठा पाऊस पडेपर्यंत काजव्यांनी झाडेच्या झाडे लखलखतात असे ऐकून होतो. मी लगेच होकार दिला. आम्ही मुलांसह अकरा जण एका लहान गाडीतून निघालो. मेहकरला समृद्धी महामार्गावर चढलो, घोटीजवळ उतरलो, आणि बारी गावावरून कळसूबाईच्या पायथ्याला वळसा घालीत तिसऱ्या प्रहरी मुक्कामी पोहोचलो. १६४६ मीटर उंचीचे हे महाराष्ट्रातील सर्वोच्च शिखर डाव्या-उजव्या हाताला आलटून पालटून दिसत होते. हा सारा भाग १९८६ मध्ये घोषित झालेल्या कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याचा. येथील बहुसंख्य वस्ती महादेव कोळी समाजाची. याच मुलखातल्या देवगावच्या राघोजी भांगरे यांनी इंग्रज सत्तेविरुद्ध बंड केले आणि १८४८ मध्ये ठाण्याच्या तुरुंगात त्यांना फाशी देण्यात आले.

आमचा वाटाड्या त्याच समाजातील चाळिशीचा शेतकरी होता. भातशेती, दोन बैल आणि या तीन आठवड्यांत पाहुण्यांना काजवे दाखवणे, असा त्याचा प्रपंच. त्याच्या अटी त्याने चहा पिता पितानाच सांगितल्या. बॅटरी एकच, ती त्याच्या हातात, आणि तिच्या काचेवर लाल जिलेटीनचा कागद बांधलेला. मोबाइल बंद करून खिशात. पायवाट सोडून गवतात पाऊल टाकायचे नाही, कारण खाली बसलेल्या माद्या चिरडतात. फांदी हलवायची नाही. काजवा हातात धरायचा नाही, बाटलीत तर नाहीच. आमच्यातील एका लहानग्याने खिशातून काचेची बरणी काढून मुकाट्याने आईजवळ दिली.

अंधार पडेपर्यंत तासभर अवकाश होता. आम्ही एका खाचराच्या बांधावर बसलो. समोर कळसूबाईचा माथा काळा होत चालला होता. तेव्हा त्याने ती कथा सांगितली. ब्रिटिश काळातील गॅझेटियरमध्येही ती चार-सहा ओळींत नोंदलेली आहे. पण बांधावर बसून, तो डोंगर समोर असताना ऐकणे निराळे.

कळसू नावाची एक कोळ्याची पोर होती. रानात भटकण्याची तिला मोठी आवड. फिरत फिरत ती डोंगराच्या पायथ्याच्या इंदोरे गावी आली आणि एका कोळ्याच्या घरी कामाला राहिली. राहताना तिने अट घातली, की मी केर काढणार नाही आणि भांडी घासणार नाही. बाकी सांगाल ते करीन. घरच्यांनी मान्य केले. सारे सुरळीत चालले. मग एके दिवशी घरी पाहुणे आले. घाई झाली. घरच्यांनी कळसूला सांगितले, भांडी घास. तिने भांडी घासली. आणि घासून झाल्यावर ती उठली आणि डोंगर चढून गेली, ती पुन्हा खाली आली नाही. ज्या जागी तिने भांडी घासली तिला थाळेमेळ म्हणतात. शिखरावर तिचे देऊळ आहे. नवरात्रात तेथे यात्रा भरते.

“मग?” आमच्यातल्या एका मुलाने विचारले.

“मग काय? वरच आहे ती,” वाटाड्या म्हणाला आणि अंधाराकडे पाहून उठला.

काजव्यांचे वर्णन मी करणार नाही. माझ्याहून चांगल्या लेखण्यांनी ते केलेले आहे, आणि ज्यांनी पाहिले त्यांना ते अपुरे वाटते. इतकेच सांगतो की सादड्याच्या एका झाडावर खालपासून शेंड्यापर्यंत प्रकाशाच्या लाटा चढत होत्या, थबकत होत्या आणि पुन्हा खालून सुरू होत होत्या. आणि नेहमी चिवचिवाट करणारी आमची मुले न सांगता गप्प झाली होती.

काजवा हा भुंगेऱ्यांच्या कुळातला कीटक. त्याची अळी महिनोन्महिने ओल्या मातीत आणि पालापाचोळ्यात राहून गोगलगायींवर जगते. पंख फुटल्यावर त्याच्या वाट्याला जेमतेम दोन-तीन आठवडे येतात, आणि ते सारे जोडीदार शोधण्यात जातात. त्याच्या पोटाशी एक द्रव्य प्राणवायूशी संयोग पावून उजळते. या प्रकाशात उष्णता जवळजवळ नसतेच. त्या द्रव्याला १८८० च्या दशकात राफाएल दुब्वा या फ्रेंच शास्त्रज्ञाने ल्युसिफेरिन असे नाव दिले. लुसिफर म्हणजे लॅटिनमध्ये प्रकाश वाहणारा. आपल्याकडे हे नाव सैतानाला चिकटले असले, तरी पास्काच्या जागरणविधीतील लॅटिन स्तुतिगीतात पहाटेच्या ताऱ्याचा हाच शब्द ख्रिस्ताला उद्देशून योजलेला आहे. एकच शब्द दोघांकडे गेला, हे मला तेथे अंधारात उभा असताना आठवले आणि थोडे हसू आले.

म्हणजे वायटोमोच्या अळीचा प्रकाश भक्ष्यासाठी आणि आमच्या काजव्याचा जोडीदारासाठी. एकीकडे फसवणूक, दुसरीकडे साद. आमच्या डोळ्यांना मात्र दोन्ही सारखेच सुंदर. मित्राच्या प्रश्नाचे उत्तर मला तेथे अर्धे सापडले असे वाटले. चिलटाला अळी खाते यात अन्याय कोणताच नाही. सिंहाच्या भक्ष्यासाठी स्तोत्रकर्त्यानेही देवाचीच स्तुती केली आहे. आभार मागे घेण्याचे कारण नव्हते. जी गोष्ट ध्यानात ठेवायची ती वेगळी होती, ती म्हणजे यातील कोणताही प्रकाश आपल्यासाठी लावलेला नाही. दोघांच्या पत्रव्यवहारात तिसऱ्याने डोकावावे तसे आपण तेथे असतो. असे डोकावणे पाप आहे असे मी म्हणत नाही. पण पत्र ज्यांचे आहे त्यांना ते वाचता येणार नाही अशा रीतीने त्यावर हात ठेवणे, हे मात्र आपल्या हातून होऊ शकते.

आणि ते माझ्याच हातून झाले. माझा मोबाइल मी बंद केला नव्हता. एखाद्याचा अंतकाळ जवळ आला तर धर्मगुरूला बोलावणे येते, या सबबीवर मी तो केवळ मुका करून ठेवला होता. सबब खरी होती; पण पाठीमागे दीडशे कोस असलेला मी अंतकाळी कोणापाशी पोहोचणार होतो? खिशात थरथर झाली, सवयीने हात गेला, आणि पांढऱ्या उजेडाचा एक चौकोन माझ्या तोंडावर पडला. कोणा बँकेची कर्ज देऊ करणारी बाई बोलत होती. मी फोन विझवून वर पाहिले तो समोरचे झाड काळे होते.

कोणी काही बोलले नाही. माझ्या धर्मग्रामस्थांचा सौजन्यशीलपणा त्या मिनिटाला मला जड झाला. वाटाड्या हलक्या आवाजात म्हणाला, “होतं असं, फादर. त्यांचं बोलणं तुटलं, एवढंच. लागतील परत.” बऱ्याच वेळाने एका फांदीवर एक ठिपका उमटला, मग दुसरा. पलीकडे रस्त्यावर मात्र मोटारींची रांग लागली होती, मोठे दिवे पेटलेले, एका गाडीत गाणी चाललेली. त्या बाजूच्या झाडांवर मी शेवटपर्यंत एकही लाट पाहिली नाही. गर्दीला आवर घालण्यासाठी नियम केले जातात, आणि ते मोडणारेही पुष्कळ असतात. पण त्यांच्यावर रागावण्याचा माझा अधिकार त्या रात्री काही उरला नव्हता.

दुसऱ्या दिवशी निघताना माणशी ठरलेली रक्कम आम्ही वाटाड्याच्या हाती दिली. आमच्यातील एक गृहस्थ गाडीत म्हणाले, “काजवे दाखवण्याचे पैसे समजू शकतो, पण गोष्ट विकणे जरा बरे वाटत नाही.” मी त्यांच्याशी सहमत नव्हतो. मिस्सासाठी श्रद्धावंत दान देतात आणि धर्मगुरू ते घेतो. म्हणून त्याने मिस्सा विकला असे आपण म्हणत नाही, आणि जो खरोखर विकतो त्याच्या पापाला ख्रिस्तसभेत स्वतंत्र नावही आहे. वाटाड्याने आम्हाला बांधावर बसण्याची जागा दिली, आपला संध्याकाळचा वेळ दिला. कथा दिली ती त्याच्याजवळ तशीच राहिली. प्रश्न आहे तो घेणाऱ्याने ती नेऊन पुढे काय केले याचा.

वायटोमोच्या गुहांची कथाही येथे सांगण्याजोगी आहे. १८८७ मध्ये ताने तिनोराऊ हे माओरी प्रमुख आणि फ्रेड मेस हे इंग्रज भूमापक मेणबत्त्या घेऊन तराफ्यावरून प्रथम आत गेले. दोनच वर्षांत तिनोराऊ यांनी गुहा पाहुण्यांसाठी खुली केली. ते आणि त्यांची पत्नी हुती शुल्क घेऊन स्वतः लोकांना आत नेत. पाहुणे वाढले, नासधूस वाढली, आणि १९०६ मध्ये सरकारने गुहेचा कारभार आपल्याकडे घेतला. पाहुण्यांनी केलेल्या नासधुशीपायी यजमानाचीच सत्ता गेली. जमीन आणि गुहा तिनोराऊंच्या वंशजांना परत मिळाली ती १९८९ मध्ये. आज तेथे काम करणाऱ्यांत त्यांचे अनेक वंशज आहेत, आणि आत किती माणसांनी एका वेळी श्वास सोडावा याचाही हिशेब ठेवला जातो, कारण उच्छ्वासातील वायूने गुहेचे नुकसान होते. माझ्या मित्राला कथा सांगणारा वाटाड्या आपल्याच घराच्या दारात उभा होता, हे मला आता अधिक नीट समजते.

परत आल्यावर रविवारच्या प्रवचनात मी कळसूची कथा सांगितली. दृष्टान्ताच्या शोधात असलेल्या धर्मगुरूला नवी कथा मिळाली म्हणजे लहान मुलाला नवे खेळणे मिळाल्यासारखे होते, हे माझे व्यवसायबंधू मान्य करतील. मी ती पवित्र गुरुवारच्या प्रसंगाशेजारी ठेवली. एकीकडे भांडी घासावी लागली म्हणून घर सोडून जाणारी मानी कळसू. दुसरीकडे कमरेला रुमाल बांधून शिष्यांचे पाय धुणारा गुरू. विरोध चांगला जमला होता. लोकांनी लक्षपूर्वक ऐकले. बाहेर एकदोघांनी प्रशंसाही केली.

धर्मगुरुनिवासात गेली अनेक वर्षे स्वयंपाकपाणी पाहणाऱ्या मावशी त्या दिवशी मिस्साला पाठीमागच्या बाकावर होत्या. दुपारी मला वाढताना त्या म्हणाल्या, “फादर, भांडे तं तिनं घासले ना?”

मी म्हटले, घासले.

“मंग ते पोरगी मानी कशी झाली? घासून गेली. अर्धे टाकून नाही गेली.”

त्यांनी ताटात आणखी एक भाकरी टाकली आणि आत गेल्या. त्यांच्या बोलण्यात तक्रारीचा सूर नव्हता. एखाद्या हिशेबातली चूक दाखवावी इतक्या सहजपणे त्या बोलल्या होत्या.

मी जेवता जेवता थांबलो. कथा मी बांधावर बसून ऐकली होती, आणि तरी ती मला ऐकू आली नव्हती. कळसूने काम नाकारलेच नाही. तिने एक शब्द घेतला होता, तो पाहुण्यांच्या गडबडीत मोडला गेला. तिने भांडी घासून यजमानाची अब्रू राखली आणि मग, ज्या घरात शब्द टिकत नाही ते घर सोडले. शेजारी ठेवलेला दृष्टान्तही मीच वाकवला होता. शिष्यांचे पाय धुणारा स्वतःहून जेवणावरून उठला होता. त्याला कोणी सांगितले नव्हते, आणि शिष्यांपैकी एकाने तर विरोधच केला होता. स्वतःहून कमरेला बांधलेला रुमाल आणि दुसऱ्याने हाती दिलेली भांडी यांत जे अंतर आहे, ते मी एका वाक्यात पुसून टाकले, आणि तेही जी बाई रोज माझी भांडी घासते तिच्यासमोर. डोंगराखालच्या माणसांनी जपलेली कथा मी घेऊन आलो, तिची अट काढून टाकली, आणि उरलेली वेदीजवळून वाटली. झाडावर पाडलेल्या उजेडापेक्षा हा उजेड काही सौम्य नव्हता.

आतिथ्याला आपण मोठा सद्गुण मानतो, आणि तो आहेच. मम्रेच्या झाडांपाशी अब्राहामाने तीन अनोळखी पाहुण्यांचे स्वागत केले त्या प्रसंगावर मी अनेकदा बोललो आहे. उन्हाच्या भरात तो धावत पुढे गेला, वाकून नमस्कार केला, पाणी दिले. मग धावत तंबूत जाऊन त्याने सारेला सांगितले, लवकर पीठ मळ, भाकरी कर. पुढे वासरू चाकराच्या हाती दिले. अब्राहामाच्या औदार्याबद्दल मला शंका नाही, तो स्वतः पाहुण्यांपाशी उभा राहून वाढत होता हेही शास्त्रात आहे. परंतु पीठ सारेने मळले. मी इतकी वर्षे तो उतारा वाचताना त्या वाक्यावरून पुढे निघून जात असे.

मावशी कामाला लागल्या तेव्हा त्यांनी एकच गोष्ट मागितली होती. रविवारी दुपारचे जेवण झाल्यावर सुटी. त्यांची मुलगी घाटाखालच्या एका गावी दिली आहे, तिच्याकडे जाता यावे म्हणून. मी आनंदाने कबूल केले होते. मग एखाद्या रविवारी सिस्टर यायच्या, एखाद्या रविवारी शेजारच्या धर्मग्रामाचे फादर, कधी सणाची सभा, कधी मुंबईचे पाहुणे लोणार पाहायला निघालेले. “मावशी, आजचा दिवस,” असे मी म्हणत असे. त्या थांबत. त्यांनी मला शब्दाची आठवण एकदाही दिली नाही. आमच्याकडे पाहुण्यांच्या नावांची एक वही आहे. मी ती काढून रविवार मोजू लागलो. मागच्या वर्षाच्या पावसाळ्यापर्यंत आलो आणि वही मिटली.

मित्राला मी उत्तर लिहिले, पण ते तत्त्वज्ञानाचे झाले नाही. आभार राहू दे, एवढे लिहिले. आणि कळसूची कथा लिहिली, या वेळी जशी ऐकली तशी. इंदोऱ्याच्या त्या घरातून तिला परत बोलवायला कोणी डोंगर चढले का, याविषयी कथा काही सांगत नाही, हेही लिहिले. वाटाड्याला विचारायचे राहून गेले.

पुढच्या रविवारी सकाळीच निरोप आला की दुपारी दोघे धर्मगुरू आणि एक सिस्टर येत आहेत, मुक्काम नाही, फक्त चहा. मावशी ओट्याजवळ उभ्या राहून माझ्याकडे पाहू लागल्या. मी म्हटले, “तुम्ही निघा. दोनची एस्टी चुकेल.” त्या बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग पिशवी घेतली, दारापर्यंत गेल्या आणि मागे वळल्या.

“फादर, साखर कोणत्या डब्यात हाय, माहीत हाय का तुमाले?”

मला माहीत नव्हते.